त्या मिनिटाला कॅमेरा खाली

दि. ११ फेब्रुवारी

ताई,

फोन उचलत नाहीस, म्हणून पत्र. माझं अक्षर तुला लागत नाही हे ठाऊक आहे. शाळेत असताना माझ्या वह्या बघून तू कपाळाला हात लावायचीस. तरी जमेल तेवढं गोल काढतोय.

परवा फिल्म चालू असताना तुम्ही तिघं मध्येच उठून गेलात. अंधारात मला वाटलं, चिंगीला खोकल्याची उबळ आली असेल, म्हणून बाहेर नेलं. दिवे लागले तरी तुमच्या तिन्ही खुर्च्या रिकाम्याच. लोक टाळ्या वाजवत होते आणि मी रिकाम्या खुर्च्यांकडे बघून हात जोडत होतो.

ताई, एकोणीस वर्षं मी दुसऱ्यांच्या माहितीपटांसाठी कॅमेरा धरला. स्वतःची म्हणावी अशी ही पहिली फिल्म. भावोजी जिथे क्रेन चालवतात ती फाउंड्री बंद पडतेय, तिचे शेवटचे दोन महिने आपण टिपावेत, ही कल्पना ऐकून सगळ्यांत जास्त तूच खूश झाली होतीस. फक्त एक अट घातलीस. "ह्यांच्याशी बोल, क्रेनवर चढ, वाटेल ते कर. पण जूनमधल्या अपघाताबद्दल ह्यांना एक शब्द विचारायचा नाही. साचे बनवणारा तो मोल्डर ह्यांच्या डोळ्यांदेखत गेला, ह्यांच्याच क्रेनच्या ओझ्याखाली. चौकशी झाली, ब्रेक झिजलेला निघाला, ह्यांच्यावर ठपका नाही. आत्ता कुठे झोप लागायला लागलीय त्यांना."

मी शब्द दिला आणि तो पाळला. सगळं चित्रण तपासून बघ. अपघाताबद्दल भावोजींना विचारलेला एक प्रश्न सापडला तर नाव बदलीन.

आता ते दृश्य. मोल्डरची बायको म्हणते, "माणूस वर बसलेला असतो, दांडा त्याच्या हातात असतो. सुटला की सोडला, ते त्याचं त्यालाच माहीत." त्यानंतर भावोजी दिसतात. गप्प बसलेले. टेबलावर मूठ मिटलेली, आणि ती हळूहळू उघडते. बस, एवढंच! ते काही बोलत नाहीत. मी काही विचारत नाही. लोकांनी त्यातून काय घ्यायचं ते घेतलं. त्यांचा हात हलला, तो काही मी हलवला नाही.

ते चित्रण कुठलं हेही सांगतो, म्हणजे तुझा गैरसमज नको. मुलाखत संपली की आमचा साउंडवाला, ज्याला आम्ही कानसेन म्हणतो, तो सगळ्यांना एक मिनिट गप्प बसवतो. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. कुठे पंखा, कुठे फ्रिज, कुठे नळाचा पाइप. ती एक मिनिटभर कोरी घेऊन ठेवायची, पुढे दोन वाक्यं जोडताना मध्ये भरायला लागते. त्या मिनिटात माझा कॅमेरा चालू होता, इतकंच.

एक आनंदाची बातमी राहिली. फिल्मला बक्षीस मिळालं. परीक्षकांनी नेमका त्या मिनिटाचाच उल्लेख केला, दिग्दर्शकाचं धाडस म्हणून.

फोन उचल गं. निदान ओरडायला तरी उचल.

तुझा
लहाना

दि. २ मार्च

ताई,

चिंगीनं फोन केला होता. तुला न सांगता केला, तिला रागावू नकोस. एकवीस वर्षांची झाली, तिला तिची अक्कल आहे, माझ्यापेक्षा बरी.

ती म्हणाली, "मामा, बाबा हल्ली बोलताना हात खिशात घालून बोलतात." मी म्हटलं, थंडी असेल. ती म्हणाली, "मामा, मार्च आहे."

भावोजी आणि हात खिशात! पंखा फिरतो कसा हे सांगतानासुद्धा ज्यांचे दोन्ही हात फिरतात, ते भावोजी. तू म्हणायचीस, ह्यांचे हात बांधले तर हे मुके होतील.

तिनं बाकीचंही सांगितलं. मोल्डरची बायको रोज दुपारी तुझ्याकडे शिवणाला यायची, ती यायची बंद झाली. जिन्यात समोर आली तर पाठ करून उभी राहते. फाउंड्री बंद झाली तरी हिशेब मिळेपर्यंत गेटवर हजेरी द्यावी लागते, तिथे भावोजी गेले की बाकडं रिकामं होतं. कोणी काही बोलत नाही, तेच वाईट. बोललं असतं तर भांडता तरी आलं असतं.

मला माणसं कळत नाहीत असं नाही ताई. पण मी कुणावर आरोप केला नाही, हे मी पुन्हा सांगतो. फिल्म बघणारा ज्याचं त्याचं डोकं घेऊन येतो.

तुला माझ्या म्हाताऱ्या दिग्दर्शकांची आठवण आहे? लोकरीची टोपी घालायचे, एकदा तुझ्याकडे जेवून "या घरात मीठ मोजून पडतं" असं प्रमाणपत्र देऊन गेले होते. त्यांच्या हाताखाली मी अकरा वर्षं कॅमेरामन होतो. त्यांचा एक नियम होता. कानसेननं "एक मिनिट शांत" म्हटलं की त्या मिनिटाला कॅमेरा खाली. नुसता बंद नाही, खाली. खांद्यावरून उतरवून जमिनीवर ठेवायचा, म्हणजे समोरच्याला दिसलं पाहिजे की आता आपल्याला कोणी बघत नाही.

मी तो नियम सहा महिन्यांत मोडला. कॅमेऱ्यावरच्या लाल दिव्यावर काळी चिकटपट्टी लावली आणि कॅमेरा मांडीवर घेऊन बसलो, नुसता हात टेकल्यासारखा. ताई, माणसाचा चेहरा बोलून झाल्यावर जसा होतो, तसा बोलताना कधीच नसतो. मुखवटा गळून पडतो. मला वाटलं, मला खजिना सापडला.

म्हाताऱ्यांना मी ते चित्रण मोठ्या तोऱ्यात दाखवलं. त्यांनी शेवटपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "छान आहे. आपलं नाही. तो हे आपल्याला देत नव्हता." आणि पुढच्या कामाला लागले. ते असेपर्यंत माझं एकही चोरटं मिनिट पडद्यावर गेलं नाही. मी मात्र घेत राहिलो आणि साठवत राहिलो. ते गेले, मी दिग्दर्शक झालो, आणि मग मला नाही म्हणणारं कोणी उरलं नाही.

हे तुला का सांगतोय मला माहीत नाही. कदाचित माझी सवय जुनी आहे, भावोजींसाठी मुद्दाम केलेली नाही, हे सांगायचं असेल.

लहाना

दि. २१ मार्च

ताई,

तुझं पत्र मिळालं. पाकीट जाड म्हणून मी हरखलो, तर आत दुमडलेला मोठा कागद आणि मधोमध एक ओळ.

"लिहू नकोस असं म्हणत नाही. खोटं लिहू नकोस."

गणिताच्या वहीवर मारायचीस तशीच लाल पेनची फुली मारली असतीस तर बरं वाटलं असतं.

बरं. खरं लिहायचं तर आधी बातमी. कंपनीच्या वकिलानं फिल्म पाहिली. ब्रेक झिजला होता हे कंपनीच्या अंगावर येतं. क्रेनवाल्यानं दांडा सोडला, हे येत नाही. तेव्हा त्यानं फिल्मची प्रत जोडून चौकशी पुन्हा उघडायचा अर्ज केला आणि तो मंजूर झाला. सुनावणी पंधरा एप्रिलला. मला कोणी बोलावलेलं नाही. वकील मला फोनवर म्हणाला, "तुम्ही यायची गरज नाही, फिल्म पुरेशी बोलकी आहे." कौतुकानं म्हणाला. मी त्याला "धन्यवाद" म्हणालो, ताई. तोंडातून निघून गेलं.

आता ते दृश्य. मोल्डरच्या बायकोची मुलाखत ऑक्टोबरच्या शेवटी झाली. भावोजींचं ते मिनिट चार सप्टेंबरचं आहे, तुझ्या स्वयंपाकघरातलं. म्हणजे त्या बाई जे बोलल्या ते भावोजींनी ऐकलेलंच नव्हतं. दोन्ही मी शेजारी ठेवली. आम्ही जोडतोच, ते आमचं कामच आहे, वगैरे मी लिहिणार होतो. तुझी ओळ समोर आहे म्हणून लिहीत नाही.

आणखी एक. त्या बाईंचं वाक्य तिथं संपत नाही. "ते त्याचं त्यालाच माहीत" यानंतर त्या म्हणाल्या होत्या, "पण माझा त्यांच्यावर संशय नाही हो. ब्रेकबद्दल त्यांनी तीनदा लिहून दिलं होतं, आमच्या ह्यांनीच मला सांगितलेलं." हे मी कापलं. लांबी वाढत होती म्हणून कापलं असं मी संकलन करणाऱ्या बाईंना सांगितलं. नऊ सेकंदांचं वाक्य होतं.

भावोजींशी त्या सप्टेंबरच्या दिवशी मी कशाबद्दल बोलत होतो, ते मात्र आता नीट आठवत नाही. काहीतरी जुनं चाललं होतं.

लहाना

दि. ३ एप्रिल

ताई,

मागच्या पत्रातलं शेवटचं वाक्य खोटं होतं. ताकाला जाऊन भांडं लपवायची माझी खोड जात नाही.

आणि ते खोटं आहे हे तुला वाचतानाच कळलं असणार. कारण तू तिथं होतीस. सिंकपाशी पाठमोरी उभी राहून कप विसळत होतीस. पहिल्या पत्रापासून तुला सगळं माहीत आहे, आणि तरी तू नुसती वाट बघितलीस, माझ्याकडून कधी निघतंय त्याची.

काल कानसेन आला. त्याला सुनावणीचं कुठूनतरी कळलं. चहासुद्धा घेतला नाही, उभ्या उभ्या त्या दिवसाचं मूळ ध्वनिमुद्रण लावलं आणि म्हणाला, "तू आवाज काढून टाकलास आणि माझी शांतता वापरलीस. माझ्या बापाच्यानं असलं काम झालं नसतं." पंधरा वर्षांत तो मला पहिल्यांदा अरे-तुरे बोलला.

मग आम्ही दोघांनी ऐकलं. भावोजींचा आवाज, तुझ्या कपांची किणकिण.

"अरे, तू बारा वर्षांचा घोडा, आणि सायकलला घाबरायचास! तुझी आई गेली, तू आमच्याकडे आलास, तोंडातून शब्द काढायचा नाहीस. मी म्हटलं, ह्याला काहीतरी शिकवू. सीट धरून मी मागं पळतोय. तू आपला ओरडतोयस, भावोजी सोडू नका! भावोजी सोडू नका! मी म्हणतोय, नाही रे सोडत! आणि हात कधीच सोडलेला! तू त्या वळणापर्यंत एकटा गेलास. मी मागं उभा. मला वाटलं, गेलं, आता ह्याचं चांगलं होणार."

मग तू म्हणालीस, "पुरे करा, रडवाल त्याला." मग कानसेन म्हणाला, "एक मिनिट शांत बसा, खोलीचा आवाज घेतो."

आणि त्या मिनिटात भावोजी टेबलाकडे बघत बसले. उजवी मूठ मिटलेली, खाली सीट असल्यासारखी. आणि त्यांनी ती हळूच सोडली.

ताई, ते मला सोडत होते. मला.

मला हे कायम माहीत होतं. एक क्षणही विसरलो नव्हतो. कॅमेरा मांडीवर होता आणि माझ्या डोळ्यांत पाणी होतं, हे दोन्ही खरं. संकलन करणाऱ्या बाईंनी मला सरळ विचारलं होतं, "हा हात कसला?" आणि मी म्हणालो, "क्रेनचा दांडा." सहज म्हणालो. म्हणालो आणि मला ते आवडलं. फिल्म लंगडत होती, नुसतेच चांगले लोक, नुसतीच बंद पडणारी भट्टी. त्या एका जागी ती उभी राहिली. माझी फिल्म उभी राहावी म्हणून मी, ज्या माणसानं मला उभं केलं, त्याचा केसानं गळा कापला. लोक विचारतात, दिग्दर्शक झाल्यावर काय बदललं? हे बदललं. कॅमेरामन होतो तोवर मी फक्त चोरत होतो. दिग्दर्शक झाल्यावर चोरीचा माल कुठे ठेवायचा ते मी ठरवायला लागलो.

लाज वाटते म्हणणं सोपं आहे. मला गेले आठ आठवडे आरशासमोर दाढी करताना डोळ्यांकडे बघवत नाही, गाल बघून करतो. दोनदा कापलं.

पंधराला मी जाणार आहे. मूळ चित्रण, मूळ आवाज, दोन्ही घेऊन. कानसेन येतो म्हणालाय. माझ्यासाठी नाही, असंही म्हणालाय.

लहाना

दि. १६ एप्रिल

ताई,

काल तू आली नव्हतीस, म्हणून सगळं लिहितो. भावोजी घरी येऊन दोन वाक्यांत गुंडाळणार, मला माहीत आहे.

खोली लहान होती. लांब टेबल, त्यावर हिरवं कापड, एका कोपऱ्यात शाईचा जुना डाग. चौकशी अधिकारी चष्मा कपाळावर ठेवून शोधणारे. वकील माझ्याकडे बघून हसला. मला वाटतं, मी त्याच्या बाजूनं आलोय असं त्याला वाटलं. भावोजी खिडकीकडेच्या खुर्चीत. इस्त्रीचा शर्ट. हात पँटच्या खिशात. बसलेल्या माणसाला खिशात हात घालणं किती अवघड असतं, तू करून बघ.

मोल्डरची बायकोही होती.

मी सगळं लावलं. आधी त्या बाईंचं पूर्ण वाक्य, मग सप्टेंबरचं मिनिट, मागच्या बोलण्यासकट. तारखा दाखवल्या. "भावोजी सोडू नका" हे त्या सरकारी खोलीत मोठ्यांदा वाजलं. टंकलेखक हसला आणि मग कुणीच हसत नाही हे बघून गप्प झाला.

अधिकाऱ्यांनी विचारलं, "म्हणजे यात अपघाताबद्दल काहीच नाही?"

"नाही."

"ही सायकलबद्दल आहे?"

"हो."

"मग हे आम्ही सकाळपासून का बघतोय?"

"माझ्यामुळे," मी म्हणालो. "मला फिल्म चांगली करायची होती."

त्यांनी ते जसंच्या तसं लिहून घ्यायला सांगितलं. अर्ज फेटाळला. आधीचाच निकाल कायम, ब्रेकचा दोष, क्रेनचालकाचा नाही. वकिलानं कागद गोळा केले. जाताना तो माझ्याकडे बघून हसला नाही.

मग त्या बाई माझ्यापाशी आल्या. मला वाटलं, थोबाडीत देतील. बरं झालं असतं. त्या म्हणाल्या, "मला तुमच्या फिल्मवरून संशय आला नव्हता. तुम्ही माझं ते वाक्य काढलंत, त्यावरून आला. म्हटलं, हा त्यांचा मेहुणा, घरातला माणूस. ह्यानं काढलं म्हणजे ह्याला काहीतरी माहीत असणार." पुढे म्हणाल्या, "दोन महिने मी वहिनींकडे पाठ करून उभी राहिले. माझं माणूस गेलं तेव्हा तेरा दिवस माझ्या पोरांना त्यांनी जेवू घातलं होतं." मी माफी मागितली. त्या म्हणाल्या, "माझी काय मागता?" आणि जिन्याकडे गेल्या. आज किंवा उद्या त्या तुझ्या दारात येतील असं वाटतं. दार उघड. माझ्यासाठी नाही, त्यांच्यासाठी.

फिल्म मी सगळीकडून मागे घेतली. बक्षीस परत पाठवायला निघालो, तर ते म्हणाले, परत घ्यायची आमच्याकडे सोय नाही. बाहुली पितळेची आहे, जड आहे. आता दार वाऱ्यानं आपटू नये म्हणून लावलीय. पुन्हा दिग्दर्शन करणार नाही, अशी शपथ घेणार होतो. पण शपथांचा माझा इतिहास तू जाणतेस. कानसेननं एका कामासाठी कॅमेरामन म्हणून विचारलंय. अट एकच, काळी चिकटपट्टी त्याच्याकडे जमा करायची. केली.

आता शेवटचं. हे न लिहिताही पत्र संपलं असतं, पण तू खोटं लिहू नकोस म्हणालीस.

सगळे गेल्यावर व्हरांड्यात मी आणि भावोजी दोघंच उरलो. मी त्यांच्या पायाशी वाकायला गेलो, तर ते एक पाऊल मागं सरले. रागानं नाही, सवयीनं सरावं तसे. म्हणाले, "जेवलास का?" मी नाही म्हणालो. "जेवून घे." भिंतीला टेकून ते उभे राहिले. उन्हाची एक तिरीप त्यांच्या मनगटांपर्यंत आली होती, आणि मनगटांच्या पुढे हात दिसत नव्हते. खिशात. निकाल लागला, नाव धुऊन निघालं, समोर कोणी नाही, तरी खिशातच.

आणि ताई, मला तेव्हाही मनात आलं, काय फ्रेम आहे! ऊन, मनगटं, मागं सोललेल्या रंगाची भिंत. माझा उजवा डोळा आपोआप बारीक झाला. हातात कॅमेरा नव्हता, तरी मी बघत होतो.

माझा डोळा बारीक होतो हे त्यांना माझ्या लहानपणापासून माहीत आहे. त्यांनी ते पाहिलं. तोंडसुद्धा फिरवलं नाही. नुसते उभे राहिले, कानसेननं सांगितल्यासारखे, गप्प.

मग मी मान खाली घातली. एक मिनिटभर तरी असेल. फरशीच्या फटीत मुंग्या चालल्या होत्या, त्या बघत होतो. त्या मिनिटात भावोजींनी काय केलं, चेहरा कसा झाला, हात बाहेर काढले की नाही, मला माहीत नाही. मी पाहिलं नाही.

तुझा भाऊ